परडीतून गेलेले त्रेसष्ट खेळ

बुधवारी सकाळी सव्वानऊला फोन वाजला तेव्हा सुनेत्राबाई तळपद्यांचा उजवा खांदा ठणकत होता. आदल्या संध्याकाळी वाडीतल्या दत्तमंदिरात उत्सवाची समाप्ती झाली होती, आणि समाप्तीच्या दिवशी सहाणेवर चंदन उगाळायचं काम गेली नऊ वर्षं त्यांच्याकडेच होतं. त्यांनी डाव्या हाताने फोन उचलला.

“ताई, माझे खेळ गेले.”

आवाज हर्षवर्धन तांबेचा होता. उत्सवाचे सातही दिवस कीर्तनाला पेटीची साथ त्यानेच केली होती. काल कीर्तनकार राजलक्ष्मीताईंच्या आख्यानात त्याने पेटी अशी काही रडवली होती की पुढच्या रांगेतल्या बायकांचे पदर डोळ्यांना लागले होते. आज तो स्वतःच रडायच्या बेतात होता. नाही, रडायच्या नाही. सुनेत्राबाईंनी नीट कान दिला. तो रागाने थरथरत होता.

“कुठले खेळ? सावकाश सांग.”

“सगळे. त्रेसष्टच्या त्रेसष्ट. काल संध्याकाळी कुणीतरी माझ्या नावाने उचलले. आणि काल संध्याकाळी मी कुठे होतो? तुमच्या पुढ्यात बसून पेटी वाजवत होतो!”

“पोलिसांत गेलास?”

“गेलो. ते म्हणाले, गेम गेली ना, मग दुसरी घे.”

“इथे ये,” सुनेत्राबाई म्हणाल्या. “टॅक्सीने ये. आणि काल जे जे जवळ होतं ते सगळं घेऊन ये. काही पुसू नकोस, काही धुऊ नकोस.”

तीस वर्षं एका विमा कंपनीत त्यांनी खोट्या दाव्यांची चौकशी केली होती. निवृत्त होऊन चार वर्षं झाली, पण ती सवय काही निवृत्त झाली नव्हती.

*

हर्षवर्धनला जन्मापासून दिसत नाही. तो परळला, भोईवाड्यात राहतो. वडील भीमगीतं गायचे, पेटीवरची बोटं त्यांच्याकडून आली. देव मानत नाही, पण कीर्तनाची साथ जीव ओतून करतो. मध्यंतरात कपाळाला काही लावून घेत नाही. मंदिरातले लोक त्याच्यासमोर आले की नुसते हात जोडतात, आणि तोही जोडतो. यावर वाडीत कधी कुणी भुवई उंचावली नाही.

आणि त्याचे खेळ म्हणजे कानाने खेळायचे खेळ. पडद्यावर काही नसतं, नुसता आवाज. डाव्या कानात पाऊल वाजलं की उजवीकडे पळायचं. चेंडू घुमत आला की अंदाजाने बॅट फिरवायची. ‘खेळांगण’ नावाच्या इंटरनेटवरच्या दुकानातून त्याने नऊ वर्षांत एकेक करून त्रेसष्ट घेतले होते. दर शनिवारी चार वाजता भोईवाड्याच्या विहारामागच्या खोलीत अकरा मुलं जमायची. अकराच्या अकरा दृष्टी नसलेली. ती हे खेळ खेळायची.

“दुकान बंद होतंय,” हर्षवर्धन सांगत होता. त्याच्यापुढचा चहा तसाच पडून होता. “बंद झालं की खेळ उघडणारच नाहीत, कारण प्रत्येक वेळी ते दुकानाला विचारून उघडतात. म्हणून त्यांनी सोय केली. खातेक्रमांक टाकायचा, नोंदवलेल्या नंबरवर फोन येतो, फोनवर आकडा सांगतात, तो भरला की सगळे खेळ तुम्ही सांगाल त्या दुसऱ्या दुकानातल्या खात्यावर जातात. एकदाच. मी आज सकाळी करायला गेलो तर म्हणे, ‘आपण काल संध्याकाळीच खेळ हलवले आहेत, धन्यवाद.’ धन्यवाद!”

“खातेक्रमांक कुणाकुणाला ठाऊक होता?”

“तिथेच तर गोची आहे. त्यांनी बंद होण्याची सूचना चित्र करून पाठवली. माझा फोन अक्षरं वाचून दाखवतो, चित्र नाही वाचत. मग मी ते आपल्या साथीदारांच्या ग्रुपवर टाकलं. म्हटलं, कुणीतरी वाचून दाखवा रे. तबल्यावरच्या रुचाने वाचून आवाज पाठवला. खातेक्रमांक चित्रातच छापलेला होता.”

“ग्रुपवर कोण कोण?”

“मी, रुचा, हितेंद्र, मनमोहनराव आणि राजलक्ष्मीताई.”

“आणि मंदिरातला लवू?”

“लवूमामांकडे फोनच कुठाय?”

सुनेत्राबाईंनी वहीत पाच नावं लिहिली आणि हर्षवर्धनच्या व राजलक्ष्मीताईंच्या नावावर लगेच रेघ मारली. ताई अडीच तास व्यासपीठावर उभ्या होत्या, शेकडो डोळ्यांसमोर.

“नोंदवलेला नंबर कुठल्या फोनवर आहे?”

हर्षवर्धनने खिशातून बटणांचा जुना फोन काढला. “ह्याच्यावर. बोलायला मी हाच वापरतो, बटणं हाताला लागतात.”

सुनेत्राबाईंनी आलेल्या कॉलची यादी उघडली. मंगळवार, सात वाजून चार मिनिटं. अनोळखी नंबर. एकेचाळीस सेकंद. उचललेला.

त्यांनी वाचून दाखवलं. हर्षवर्धनचा चेहरा हळूहळू दगडासारखा झाला.

“म्हणजे पुसलासुद्धा नाही,” तो म्हणाला. “पुसायची गरजच काय? ह्याला थोडंच दिसणारेय.”

खाली वाडीत कुणीतरी स्कूटरला किका मारत होतं, ती सुरू होत नव्हती.

“सातला फोन कुठे होता?” सुनेत्राबाईंनी विचारलं.

“परडीत. सगळ्यांचेच होते.”

ते त्यांनाही ठाऊक होतं. मंदिराचा नियमच होता तो. कीर्तनाला बसण्याआधी फोनचा आवाज बंद करून तो ओसरीवरच्या टेबलावर, वेताच्या परडीत ठेवायचा. परडीवर मंदिराच्याच खोलीत राहणारा लवू बसायचा.

“परत घेतलास तेव्हा काही वेगळं वाटलं? काहीही.”

हर्षवर्धनने विचार केला. “बहिणीला फोन लावला, प्रितीला. फोन कानाशी नेला तर बुक्क्याचा वास आला. चांगला दरवळ होता. मी म्हटलं असेल, मंदिरच आहे.”

सुनेत्राबाईंनी फोन नाकाशी नेला. बटणांच्या फटींत अजून काळसर भुकटी होती. मग त्यांनी आपला फोन हुंगला. तोही काल त्याच परडीत होता. कसलाच वास नव्हता.

*

मंदिरात त्यांच्याआधी बातमी पोचली होती. विश्वस्त मनमोहनराव कोठारे ओसरीवर उभे राहून आवाज चढवत होते, आणि समोर लवू पंचा पिळत उभा होता. साठी उलटलेला, वाळक्या अंगाचा माणूस.

“परडी कुणाच्या ताब्यात होती? तुझ्या. बुक्का कुणाच्या हाताला असतो? तुझ्या. आणखी काय पुरावा हवा?”

“मी फोनाक हात लावूक नाय, शेट. गेली चोवीस वर्सां मी ह्या परडीवर बसतंय. एकाचो तरी फोन गेलो काय?”

“काल गेला ना!”

“फोन खंय गेलो? फोन तर त्येच्याच खिशात आसा!”

“मनमोहनराव, बुक्क्याच्या वासाचं तुम्हाला कुणी सांगितलं?” सुनेत्राबाईंनी पायरी चढता चढता विचारलं.

“मी सांगितलं,” हर्षवर्धन मागून म्हणाला. “सकाळी ग्रुपवर बोललो सगळं. रागात होतो.”

“झालं! सगळ्या गावाला सांगून मोकळा!” सुनेत्राबाई त्याच्यावरही उखडल्या. मग लवूकडे वळल्या. “काल परडी सोडून कधी उठलास?”

“एकदाच. मध्यंतराक. पूर्वरंग संपलो, गजर सुरू झालो, तसो मी आत गेलंय. कपाळांका लावूक नको? धा-बारा मिन्टां. मागे इलंय तर परडी जाग्यावर.”

“तेव्हा ओसरीवर कोण होतं?”

“कोण नाय. सगळी गजरात.”

“बघा!” मनमोहनराव म्हणाले. “म्हणजे हाच. शुक्रवारी तीनला विश्वस्तांची बैठक घेतोय. ह्याची खोली खाली करायची. सुनेत्राबाई, तुम्ही आमच्या जुन्या, म्हणून स्पष्ट सांगतो, ह्यात पडू नका. रविवारी दादरला माझ्या भाच्याचं मोठं काम उघडतंय, अंध मुलांसाठी खेळांचं दालन. पाहुणे येतायत, पेपरवाले येतायत. अशा वेळी मंदिराचं नाव चोरीत नको.”

“हितेंद्रचं दालन?”

“हितेंद्रचं. पोरगा रात्रंदिवस राबतोय.”

हितेंद्र आतल्या बाजूला कॅमेऱ्याच्या वायरी गुंडाळत होता. ठाण्याहून तो यंदा पहिल्यांदाच उत्सवाला आला होता आणि सातही दिवस कीर्तन इंटरनेटवर थेट दाखवण्याचं काम त्याने अंगावर घेतलं होतं. तिशीचा, हसतमुख. तो हात पुसत पुढे आला आणि हर्षवर्धनच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, “फार वाईट झालं रे. काय लोक असतात!”

हर्षवर्धनने मान हलवली.

“कालचं चित्रण मला हवंय,” सुनेत्राबाई म्हणाल्या.

“सगळं नेटवर आहे, मावशी. खाली वेळही दिसते. कधीही बघा.”

त्यांनी ते तिथेच, पायरीवर बसून पाहिलं. सात वाजून दोन मिनिटांनी पूर्वरंग संपला. सात वाजून चार मिनिटांनी मनमोहनराव व्यासपीठावर राजलक्ष्मीताईंना हार घालत होते. रुचाचे दोन्ही हात तबल्यावर. हर्षवर्धनचे पेटीवर. लवू तिसऱ्या रांगेत, एका म्हातारीच्या कपाळाशी वाकलेला. कॅमेरा तिकाटण्यावर स्थिर होता, बारा मिनिटांत इकडचा तिकडे झाला नाही.

सुनेत्राबाईंनी वही उघडली आणि रेघा मारल्या. मग बराच वेळ उरलेल्या नावाकडे बघत बसल्या. नाव एक उरलं म्हणजे गुन्हा सिद्ध झाला असं नसतं. बाहेरच्या कुणी केलं नसेल कशावरून? विमा कंपनीत असली फाइल साहेबांनी तोंडावर फेकली असती.

*

खेळांगणचं कार्यालय लोअर परळला एका काचेच्या इमारतीत होतं. सहाव्या मजल्यावर पन्नास टेबलं आणि एकच माणूस. मनवा नावाची पंचविशीतली मुलगी खोक्यांच्या ढिगाऱ्यात लॅपटॉप घेऊन बसली होती.

“शुक्रवारी पाचला सर्व्हर बंद. मग मीही घरी,” ती म्हणाली. “बोला, मॅडम.”

सुनेत्राबाईंनी सगळं सांगितलं. सांगता सांगता त्यांचा आवाज चढला.

“ज्यांना दिसत नाही, त्यांना तुम्ही सूचना चित्रात पाठवलीत?”

मनवाने मान खाली घातली. “मी सांगितलं होतं. ते म्हणाले, डिझाइन पास झालंय.”

“आणि हे असं घेतलेली वस्तू हिसकावणं? ह्या मुलाने नऊ वर्षं विकत घेतलंय एकेक.”

“मॅडम, अटींमध्ये ते विकत घेणं नसतं. वापरायची परवानगी असते. आम्ही असेपर्यंत.”

“त्याला पावतीवर काय लिहून देत होतात?”

मनवा पुटपुटली, “‘खरेदीबद्दल आभार.’”

हर्षवर्धन हसला. ते हसणं ऐकवत नव्हतं.

“कुणाकडे गेले ते सांगा,” सुनेत्राबाई म्हणाल्या.

“नाव नाही सांगता येणार, माझ्यावर शेकेल.” तिने पडद्याकडे पाहिलं, मग हर्षवर्धनच्या हातातल्या पांढऱ्या काठीकडे. “एवढं सांगते. सात वाजून सहा मिनिटांनी गेले. आणि माणसाच्या नावावर नाहीत, संस्थेच्या नावावर आहेत.”

संस्था. मंदिराचा ट्रस्टही संस्थाच होता. त्याचे विश्वस्त मनमोहनराव ग्रुपवर होते.

“परत फिरवता येतील?”

“एक अर्ज आहे. ज्याच्याकडे गेले त्याने स्वतः लिहून द्यायचं, की हे माझे नाहीत, मूळ मालकाला परत करा. खाली सही. शुक्रवारी पाचच्या आत मला पोचलं तर मी स्वतः बसून फिरवते. पाच वाजून एक मिनिटाने देवही काही करू शकणार नाही.”

“देव मी तसाही मानत नाही,” हर्षवर्धन म्हणाला. “तुम्ही पाचपर्यंत जागेवर असा, बास.”

*

गुरुवारचा दिवस सुनेत्राबाईंनी चरफडत काढला. ज्या ओसरीवर आपण नऊ वर्षं चप्पल काढून नमस्कार केला, तिथेच बसून कुणीतरी आंधळ्या माणसाच्या खिशात हात घातला, ह्या विचाराने त्यांना जेवण गोड लागेना. देवघरात वात लावताना काडी तीनदा विझली. चौथी त्यांनी इतक्या जोरात ओढली की काडेपेटीच फाटली.

दुपारी त्यांनी वाडीच्या ग्रुपवरचे उत्सवाचे फोटो उघडले. समाप्तीच्या आरतीनंतरचा एक मोठा फोटो होता, मनमोहनरावांनी पायरीवर उभं राहून काढलेला. सत्तर-ऐंशी माणसं. मध्ये राजलक्ष्मीताई, बाजूला साथीदार, कडेला वायर खांद्यावर टाकलेला हितेंद्र. सुनेत्राबाईंनी बोटांनी फोटो मोठा केला आणि एकेक चेहरा बघत गेल्या. डावीकडून उजवीकडे. मग पुन्हा उजवीकडून डावीकडे.

त्यांनी फोन खाली ठेवला. आपलाच दुखरा खांदा चाचपला.

“अरे देवा,” त्या मोठ्याने म्हणाल्या. “हे तर मी स्वतः उगाळलंय!”

*

शुक्रवारी तीन वाजता बैठक भरली. मनमोहनराव खुर्चीवर, दोन म्हातारे विश्वस्त बाकावर. रुचा, हर्षवर्धन आणि हितेंद्र सतरंजीवर. लवू दाराशी उभा. बस म्हटलं तरी बसला नाही.

“विषय एकच,” मनमोहनराव म्हणाले. “लवू.”

“त्याआधी मला दोन प्रश्न विचारू द्या,” सुनेत्राबाई म्हणाल्या. “लवूच्या खोलीत जितकी वर्षं गेली त्याच्या हिशेबाने दोन मिनिटं जास्त नाहीत.”

कुणी नाही म्हणायच्या आत त्या वळल्या.

“हितेंद्र, मंगळवारी मध्यंतरात कुठे होतास?”

“कॅमेऱ्यामागे, मावशी. थेट चालू होतं, सोडून जाणार कुठे?”

“उठला नाहीस?”

“अजिबात नाही.”

“बाहेर ओसरीवर आला नाहीस?”

“सांगतोय ना. आरती होईपर्यंत जागेवर होतो.”

“बरं. मग कपाळाला बुक्का कुणी लावला तुझ्या?”

हितेंद्र हसला. “कोण लावणार? लवूमामा आले, रोजच्यासारखा लावला, पुढे गेले.”

रुचाने झटकन मान वर केली. बाकावरच्या दोघा म्हाताऱ्यांनी एकमेकांकडे पाहिलं. मनमोहनरावांच्या कपाळावर आठी पडली, आणि ती हळूहळू खोल होत गेली.

“लवू,” सुनेत्राबाई म्हणाल्या, “मंगळवारी तू किती जणांना बुक्का लावलास?”

“कोणाकच नाय, बाये.” लवू गोंधळला होता. “समाप्तीक बुक्को खंय आसता? समाप्तीक गंध. तुमीच उगाळून दिलास ना, वाटी भरून.”

हितेंद्रचं हसू चेहऱ्यावर तसंच राहून गेलं.

“ह्या मंदिराची रीत आहे ही,” सुनेत्राबाई म्हणाल्या. त्या आता उभ्या राहिल्या होत्या. “सहा दिवस बुक्का, सातव्या दिवशी चंदनाचं गंध. वाडीतल्या शेंबड्या पोराला ठाऊक. पण हितेंद्र यंदा पहिल्यांदा आला. त्याने सहा दिवस बुक्काच पाहिला. आणि सातव्या दिवशी मध्यंतरात तो आत नव्हताच, तर गंध दिसणार कसं? रोज लवू बुक्क्याचा करंडा घेऊन आत जायचा. मंगळवारी तो गंधाची वाटी घेऊन गेला, म्हणून करंडा ओसरीवर, परडीशेजारीच राहिला.

“गजर सुरू झाला. सगळे टाळ्या वाजवत होते, डोळे मिटून. कॅमेरा तिकाटण्यावर, आपोआप चालू. हितेंद्र मागच्या मागे बाहेर आला. कुणी पाहिलं तर काय सांगायचं? बुक्का लावायला आलो. म्हणून आधी करंड्यात बोट घातलं, कपाळाला लावलं, आणि त्याच बोटांनी परडीतला बटणांचा फोन शोधला. तसला एकच आहे. स्वतःच्या फोनवरून खातेक्रमांक भरला, कॉल आला, एकेचाळीस सेकंद ऐकला, आकडा भरला, फोन परडीत टाकला, आत गेला. यादीतून कॉल पुसायचीसुद्धा तसदी घेतली नाही.

“लवूने फोन धरला असता तर त्याला ओलं चंदन लागलं असतं. त्याची बोटं पिवळी होती. हर्ष काही लावून घेत नाही. बाकीचे फोन मी हुंगले, रुचाचा, माझा, राजलक्ष्मीताईंचा. कोरे आहेत. आणि मनमोहनराव, तुम्हीच काढलेला हा फोटो. मोजा. हर्षचं सोडलं तर कपाळं सगळी पिवळी. काळा ठिपका एकाच कपाळावर.”

फोन हातोहात फिरला. मनमोहनरावांनी तो डोळ्यांशी नेला आणि बराच वेळ परत दिला नाही.

“संस्थेच्या नावावर गेलेत खेळ,” सुनेत्राबाई म्हणाल्या. “दादरच्या दालनाच्या, ना रे?”

“मी स्वतःसाठी घेतलं का?” हितेंद्र एकदम ओरडला. “सांगा ना! शंभर मुलं खेळतील तिथे, शंभर! हा अकरा जणांना घेऊन एका खोलीत बसतो. दुकान बंद, खेळ बाजारात मिळत नाहीत, पत्रिका छापून झाल्या. मी ह्याला विचारलं होतं!”

“तू खातं मागितलंस,” हर्षवर्धन म्हणाला. त्याचा आवाज आता शांत होता, आणि तो जास्त भयंकर होता. “मी म्हटलं, खातं नको, मी येतो. दर रविवारी येतो, मुलांना शिकवतो, खेळ तिथेच लावतो. तू काय म्हणालास? कार्यक्रमात तुझं नाव कुठे बसवू?”



मनमोहनराव खाकरले. “हे बघा, पोराची चूक झाली. घरातल्या घरात मिटवू. उत्सवाचं नाव…”

“तीन दिवस लवूचं नाव ओसरीवर टांगलेलं होतं तेव्हा कुठे होता तुमचा उत्सव?” सुनेत्राबाई इतक्या जोरात बोलल्या की गाभाऱ्यातला पुजारी बाहेर डोकावला. “सात दिवस ताईंच्या तोंडून चांगलं ऐकायचं आणि आठव्या दिवशी गरिबाची खोली काढायला बसायचं! उठा. आधी त्याच्यासमोर उभे राहा. मग बाकीचं.”

मनमोहनराव उठले. लवूपर्यंतची दहा पावलं त्यांना जड गेली. तिथे ते जे बोलले ते दोघांनाच ऐकू आलं. लवू फक्त एवढंच म्हणाला, “बरां,” आणि मग पहिल्यांदा खाली बसला.

चार वाजत आले होते. रुचाने कागद आणि पेन हितेंद्रपुढे ठेवलं. त्याने लिहिलं, सही केली आणि कागद सुनेत्राबाईंकडे सरकवला. त्यांनी तो हातात घेतलाच नाही.

“वाच. मोठ्याने. हे ज्याला लिहिलंयस त्याला दिसत नाही, हे तुला चांगलं माहितीये.”

हितेंद्र वाचायला लागला. आवाज बसलेला होता. “‘मी, खाली सही करणार, लिहून देतो की हर्षवर्धन तांबे यांच्या खात्यातील त्रेसष्ट खेळ मी त्यांच्या परवानगीशिवाय, त्यांचा फोन वापरून, अंध मुलांना मदत करण्याच्या हेतूने…’”

“थांब,” हर्षवर्धन म्हणाला. “तेवढं काढ.”

“काय?”

“हेतूचं. तो शब्द काढ. मदत मी करत होतो. तू चोरी केलीस. पुन्हा लिही.”

हितेंद्रने पुन्हा लिहिलं. पुन्हा वाचलं. रुचाने फोटो काढून मनवाला पाठवला तेव्हा चार वाजून सतरा मिनिटं झाली होती.

मग वाट बघणं. कुणी उठलं नाही. चार पंचेचाळीसला फोन वाजला, सुनेत्राबाईंनी आवाज मोठा केला.

“आले, सर,” मनवा म्हणाली. “तुमच्या खात्यावर परत आले. बासष्ट.”

“त्रेसष्ट,” हर्षवर्धन म्हणाला.

“बासष्ट, सर. एका खेळाच्या कंपनीने हलवायची परवानगी एकदाच दिली होती. ती मंगळवारी वापरली गेली. तो आता कुणाच्याच खात्यावर उघडणार नाही. मी दोनदा करून पाहिलं. खरंच सॉरी.”

“कुठला?”

“बेटावरचा. वादळात दीपगृह शोधायचं, तो.”

हर्षवर्धनने डोकं भिंतीला टेकवलं. “तो आम्ही जूनपासून खेळतोय,” तो कुणालाच उद्देशून नाही असं म्हणाला. “अकरा जण मिळून. दोन शनिवारांत संपला असता. छोटी जुई बोटीवर आहे सध्या.”

मनवाने पुन्हा सॉरी म्हटलं आणि फोन ठेवला. मनमोहनराव काहीतरी बोलायला गेले. सुनेत्राबाईंनी नुसता हात वर केला.

हर्षवर्धन काठी टेकून उभा राहिला. हितेंद्र जिथे बसला होता तिकडे त्याने तोंड केलं.

“उद्या चारला भोईवाड्यात ये. विहारामागची खोली, कुणीही दाखवेल. तो खेळ का बंद झाला ते त्यांना तू सांगायचंस.”

“मी?” हितेंद्रने मामाकडे पाहिलं. मामा जमिनीकडे बघत होते. “मी त्यांना काय सांगू?”

“हा कागद वाचून दाखव,” हर्षवर्धन म्हणाला. “त्यांनाही दिसत नाही.”